काळे मणी

सौभाग्य काही दुकानात मिळत नाही, असं सुलेखाकाकू कॅलिफोर्नियात, सांता क्लारातल्या प्रत्येक हळदीकुंकवाला ठणकावून सांगत. १९८४ साली त्यांना कळलं, की ते हवाईच्या समुद्रात मिळतं. तिथल्या काळ्या पोवळ्याचे मणी काचेच्या मण्यांसारखे फुटत नाहीत. असे मणी मंगळसूत्रात असले की नवऱ्याच्या केसालाही धक्का लागायचा नाही.

हे पोवळं काढायला दोनशे फूट खोल बुडी मारावी लागते. सुदैवाने आपल्यातलाच विक्रम बायकोला इथे ठेवून तिथे पोटासाठी तेच करत होता. काकूंनी फोन लावला.

"टपोरे हवेत हं, एकसारखे. आणि संक्रांतीच्या आत."

"काकू, तेवढ्या जाड फांद्यांचं पोवळं फार खाली आहे. तिथून वर यायलाच तास लागतो, हळूहळू यावं लागतं."

"मग जरा लवकर ये की!"

विक्रम लवकर वर आला. रक्तात हवेचे बुडबुडे झाले आणि बोटीवरच त्याचा जीव गेला.

हळदीकुंकवाच्या दिवशी त्याची बायको विनीता काकूंच्या दारात उभी राहिली. तिने पुडी पुढे केली.

"त्याच्या जाळीत होतं पोवळं. मणी मी घासले."

काकूंनी डोळे पुसले आणि मणी उजेडात धरून पाहिले.

"अगदी एकसारखे गं! आत बोलावलं असतं तुला, पण आज सगळ्या सवाष्णी येतायत."

"कळलं, काकू."

"आणि तेवढी गाडी ड्राइव्हवेतून काढतेस का? बायकांना पार्किंगला जागा नाही."