बाबांच्या सहीची सात मिनिटं

“दोन वर्षं हेलपाटे घातले, आणि दिली किती, तर सात मिनिटं!” आई रेणूच्या कानाशी पुटपुटली.

शिष्यवृत्तीची मुदत हुकलेल्यांना कोर्ट आता त्या हुकलेल्या दिवसातलाच थोडा वेळ उघडून देत असे. रेणूच्या अर्जावर फक्त बाबांची सही राहिली होती. सकाळचा चहा झाल्याशिवाय ते कशावरच सही करत नसत. त्या दिवशी आई दूध आणायला गेली आणि ती परत येईपर्यंत सगळं संपलं होतं.

“फक्त सही घ्यायची. बाकी काही सांगायचं नाही,” कोर्टाच्या शिरस्तेदारांनी बजावलं.

समोरची भिंत धुक्यासारखी विरली. पलीकडे त्यांचंच स्वयंपाकघर होतं आणि बनियनवर बसलेल्या बाबांच्या खांद्यावर त्या सकाळचं ऊन होतं. रेणूने अर्ज पुढे केला.

आईने पिशवीतून थर्मास काढला, कप भरला आणि पलीकडे दिला. बाबांनी फुरका मारत चहा संपवला, ऐटीत सही ठोकली. मग आईच्या दोन वर्षांत पिकलेल्या केसांकडे बघत राहिले.

“रेण्या, ठीक आहे ना सगळं?”

“हो, बाबा.”

कप परत देताना त्यांनी आईचा हात सोडला नाही.

“तिकडे मी नाही, होय ना गं?”