रोजची नवी पानं

चित्रीकरणाच्या चौथ्या दिवशी हाती आलेल्या पटकथेच्या पानांत अक्मारलच्या आईचं मरण होतं. "दार लावू नकोस, जीव कोंडतो," हे आईचं अखेरचं बोलणं जसंच्या तसं सिनेमातल्या नटीच्या तोंडी घातलेलं.

कॅमेऱ्यासमोर ते म्हणताना, ती भूमिका करणाऱ्या अक्मारलचा आवाज कापला. दिग्दर्शक खूश झाला.

सिनेमा तीन आठवड्यांत उरकायचा होता, अल्माटी शहराबाहेरच्या एका बंद पडलेल्या आरोग्यधामात. एक लेखक एका नटीच्या पाठी लागतो, तिचं आयुष्य कागदावर उतरवतो आणि शेवटी तिला ठार मारतो. रक्त भरपूर दिसायला हवं, एवढीच निर्मात्यांची अट. रोजची पानं लिहीत होते तोख्तार-अगा; वडीलधारे म्हणून सगळे त्यांना 'अगा' म्हणत. एकेकाळचे नावाजलेले कादंबरीकार; आता त्यांना कुणी छापत नव्हतं. दिवसभर कोपऱ्यात बसून ते तिच्याकडे टक लावून पाहत.

पुढे तिला वारंवार पडणारं पुराचं स्वप्नही पानांत आलं.

आपलं खाजगी आयुष्य पानांत येतंय, ही तिची तक्रार दिग्दर्शकाने हसण्यावारी नेली. नवरा दौरेन मात्र गंभीर झाला. शाळेत व्याकरण शिकवणारा अबोल माणूस. पहिल्या दिवसापासून तोच तिला सोडायला येई. आता त्याने रजा टाकली आणि संध्याकाळपर्यंत बाहेर गाडीत बसून राहू लागला. म्हाताऱ्याजवळ एकटी जाऊ नकोस, असं त्याने तिला बजावलं.

चित्रीकरणाचा आता उद्याचा एकच दिवस उरला होता. त्या सकाळच्या पानांत नटी गुपचूप मॉस्कोचं तिकीट काढते, एकटीचं.

अक्मारलने खरंच तसं तिकीट काढलं होतं. त्या तिकिटाबद्दल ती कुणाशी बोलली नव्हती. दौरेनशी तर मुळीच नाही.

ती तडक कोपऱ्यात गेली. "अगा, माझ्या घरात शिरलात तुम्ही?"

म्हाताऱ्याने चष्मा काढला.

"पोरी, दुसऱ्या दिवसापासून मला एक ओळ सुचलेली नाही. पानं आयती येत होती, मी नुसती टाइप करून देत होतो. तुला हे ठाऊक असेल का, एवढंच रोज तुझ्या चेहऱ्यावर शोधत होतो."

"कोण देतं पानं?"

"तुझा दौरेन. शेवटचं पान राहिलंय. म्हणाला, आज तिला घरी नेलं की लिहितो."