मुलीचा आवाज

आंधळ्या आईने हात मागे घेतला. "तुम्ही कोण? माझ्या मुलीचा आवाज मला कळत नाही होय?"

समोर बसलेली चिझुरु ओकाबे तिची मुलगीच होती. टोकियोच्या एका स्टुडिओत चौतीस वर्षं तिने अॅनिमे मालिकेतल्या एकाच मुलाला आवाज दिला होता. निवृत्त होताना करारानुसार तिचं स्वरयंत्र तिच्या जागी आलेल्या मिनोरीच्या गळ्यात बसवलं गेलं आणि तिला प्रयोगशाळेत वाढवलेलं नवं मिळालं. प्रेक्षकांना फरक कळला नाही. आईला कळला.

पुढच्या रविवारी चिझुरु मिनोरीला वृद्धाश्रमात घेऊन गेली.

"आई, मी आलेय," मिनोरी म्हणाली.

आईचा चेहरा उजळला. "किती दिवसांनी गं!"

चिझुरु कागदावर लिहीत होती आणि मिनोरी ते वाचून बोलत होती. हवा, जेवण, गुडघेदुखी असं सगळं झालं. मग चिझुरुचं पेन थोडा वेळ थांबलं. पुढचं वाक्य मिनोरीने आधी मनात वाचलं आणि मग सावकाश म्हटलं, "बाबा गेले तेव्हा मी रेकॉर्डिंग सोडून आले नाही. चुकलं माझं, आई."

"वेडी आहेस. मी केव्हाच विसरले ते." आईने डोकं कुरवाळायला आवाजाच्या दिशेने हात पुढे केला. मिनोरीने तो अलगद धरून चिझुरुच्या डोक्यावर ठेवला.

"केस केवढे राठ झालेत गं तुझे!"

"वय झालं, आई," मिनोरी म्हणाली. हे कागदावर लिहिलेलं नव्हतं.