ट्रकवाल्याचं नाव

"कुबात!"

पडद्यावर जिपार ओरडली, आणि सगळं सभागृह मागे वळून तिच्या सासऱ्याकडे बघू लागलं.

तोवर गाव पोट धरून हसत होतं. सिनेमाच तसा होता. गावातली एक फटकळ पोरगी, टरबुजं वाहणारा एक ट्रकवाला, आधी भांडणं, मग प्रेम. सबंध सिनेमाभर ती त्याला 'ए ट्रकवाल्या' म्हणते. शेवटी तो कायमचा निघतो, तेव्हा ती घाटात ट्रकमागे धावत सुटते आणि पहिल्यांदाच त्याला नावाने हाक मारते.

ते नाव तिच्या सासऱ्याचं निघालं.

मागच्या रांगेतून कोणीतरी म्हणालं, "आजोबा, सून बोलावतेय. थांबवा ट्रक."

छप्पर उडेल असा हशा.

पडद्यावर: ट्रक थांबला.

खुर्चीवर: म्हातारा उठला. पांढरी टोपी डोक्यावर दाबली आणि कोणाकडे न बघता बाहेर पडला.

मघाशी याच म्हाताऱ्याला टाळ्या पडल्या होत्या. लग्नाच्या प्रसंगात तो घोड्यावर बसून आशीर्वाद देताना दिसतो. शहरातली नटी थंडीला कंटाळून पळाली, तेव्हा सुनेला सिनेमात काम करायची परवानगी त्याने दिली ती आपल्यालाही घोड्यावर बसलेलं दाखवायच्या अटीवरच.

बुरुल, त्याची बायको, त्याच्यामागे धावली. तिचे कान तापले होते. त्यांच्या घरात सून सासऱ्याचं नाव घेत नाही. बायकोही नवऱ्याचं घेत नाही. चाळीस वर्षं तिने 'अहो' आणि 'मुलांचे वडील' यावर संसार केला होता.

म्हातारा घोड्याचा दोर सोडत होता. आवाज अजिबात न चढवता तो म्हणाला, अंधार पडायच्या आत सुनेला तिच्या बापाकडे पोचवा. नात इथेच राहील.

"अहो, त्या शहरवाल्याने लिहिलं ते ती बोलली."

"मग त्याने माझ्यापुढे येऊन तसं सांगावं."

बुरुल तरातरा परत निघाली. सभागृहाच्या दारात जिपार उभी होती, धाकटी मुलगी कडेवर. तिने सगळं ऐकलं होतं. पोरीला धरलेली बोटं पांढरी पडली होती, पण मान खाली नव्हती. एवढं होऊनही मान खाली नाही, याचा बुरुलला आणखी राग आला.

एल्दियार, तो सिनेमावाला, गाडीपाशी सापडला. कोणतीच कंपनी दारात उभं करेना म्हणून उसन्या कॅमेऱ्यावर सिनेमा काढलेला हा राजधानी बिश्केकचा पोरगा. आज गावासाठी त्याने मोठ्या हौसेने खेळ लावला होता. बुरुलने त्याची कॉलरच धरली. जगात नावांचा दुष्काळ पडला होता का, तिने विचारलं. दुसऱ्याच्या घराला चूड लावून तुम्ही लोक गाडीत बसणार आणि जाणार. जिपारची पोर आज आईपासून तुटेल, आहे का ठाऊक? चल, म्हाताऱ्यापुढे उभा राहा आणि पाय धर.

पोरगा पांढराफटक पडला. आपल्याला खरंच कल्पना नव्हती, म्हणाला. गावात सगळे त्यांना आजोबाच म्हणतात, नाव कधी कानावर आलंच नाही.

मग चाचरत म्हणाला, "आजी, मी ट्रकवाल्याचं नाव 'माक्सात' लिहिलं होतं. घाटातला तो प्रसंग किती वेळा घेतला, पण तिची हाक काही लागेना. शेवटी तीच म्हणाली, मी सांगते ते नाव द्या, मग बघा."

बुरुलचा हात सैल झाला.

तो बोलतच राहिला. शहरात थिएटरं भरताहेत, म्हणाला. ती एक हाक ऐकायला लोक दुसऱ्यांदा येतात. प्रेमाची अशी हाक आपल्या पडद्यावर कधी ऐकली नाही, म्हणतात.

प्रेमाची.

आत शेवटचं गाणं लागलं होतं. बुरुलच्या कानात मात्र ती हाकच होती, आणि आता ती तिला नीट ऐकू आली.

पडद्यावर नाही: दोन वसंतांपूर्वी, त्यांच्या फाटकात. थोरल्या सुनेला मूल होईना, म्हणून म्हाताऱ्याने जिपारचा पहिला मुलगा तिच्या ओटीत घालून टाकला. आईला विचारायची रीत नव्हती. दूधसुद्धा सुटलं नव्हतं त्याचं. गाडी सुरू झाली तशी जिपार मागे धावली, तोंड उघडलं, आणि तिच्या तोंडावर कोणी हात दाबला? बुरुलनेच. सासरे ऐकतील, म्हणून.

त्याच्या कितीतरी आधी, त्याच फाटकात: दुसरं एक बाळ, बुरुलचं, म्हाताऱ्याच्या भावाच्या घरी जाणारं. तेव्हा बुरुलच्या तोंडावर तिच्या सासूचा हात होता. त्या हाताला कांद्याचा वास येत होता.

"येऊ का मी, आजी?" एल्दियारने विचारलं. "धरतो पाय."

"तू गाडीत बस."

ती एकटीच परतली. जिपार अजून दारातच होती. बुरुल तिच्याजवळ थांबली. नातीच्या डोक्यावरचं फडकं सरकलं होतं, ते नीट केलं आणि पुढे गेली.

सिनेमा संपून लोक बाहेर पडत होते. म्हाताऱ्याभोवती आपोआप गोल झाला होता. तो घोड्यापाशी ताठ उभा होता.

"आणलंस त्याला?"

"त्याला कशाला?" बुरुल म्हणाली. सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात. "नाव मी सुचवलं होतं, कुबात."