श्रावणातली गोळी
सांगलीच्या डॉक्टरांनी रिपोर्ट बघून कपाळाला आठ्या घातल्या. "कोलेस्टेरॉल वाढलंय. गोळी रोज रात्री घेता ना?" "व्हय, रोज," गुंडाबापू बेधडक म्हणाले. "मग डोस वाढवू." डॉक्टरांनी पेन उचललं, तशी शेजारी बसलेली बनुबाई चुळबुळली. नवऱ्याचं खोटं परक्यासमोर कसं उघडं पाडायचं? तिनं पिशवीची चेन तीनदा उघडली, तीनदा लावली. पेन कागदाला टेकलं आणि तिला राहवेना. गोळ्यांची पट्टी काढून तिनं टेबलावर आदळली. पंधराच्या पंधरा गोळ्या जागच्या जागी. "श्रावणात मटण बंद हाय, मग गोळी कशाला?" बापू पुटपुटले. "श्रावण जिभंला असतोय, रगताला न्हाई!" बनुबाई कडाडली. डॉक्टर हसले. "मावशी, तुमची बीपीची गोळी?" बनुबाईनं पिशवी पोटाशी ओढली. "आज सोमवार. उपास हाय." बापूंनी गुमान पाण्याची बाटली पुढं सरकवली. "पाणी चालतंय की उपासाला."