ओळखीचा प्रसंग

ग्रासिएला ओल्वेरा तिसऱ्यांदा मेकअपच्या खुर्चीतून उठली आणि दार उघडून बाहेर डोकावली. नायेली अजून आली नव्हती.

“बाई, एका जागी बसा. फेऱ्या घालून ती लवकर येणार आहे का?” कोपऱ्यात संहितेची पानं लावत बसलेली कासिल्दा म्हणाली.

कासिल्दा ग्रासिएलाची प्रॉम्प्टर. मालिकेची रोजची तीस-चाळीस पानं पाठ करायची कुणी? नटीच्या कानात वाटाण्याएवढं यंत्र बसवायचं, कासिल्दानं काचेमागच्या खोलीतून एकेक वाक्य सांगायचं आणि नटीनं ते म्हणायचं, अशी इथली रीत. आठ वर्षं ग्रासिएला पडद्यावर जे जे बोलून रडली, भांडली, शाप देत मेली, ते सगळं आधी कासिल्दाच्या तोंडून आलं होतं. जाड भिंगांचा चष्मा, ऐन तिशीतच पुढून पिकलेले केस, बाराही महिने करडा स्वेटर. दुसऱ्या वाहिनीनं दोनदा बोलावलं तरी ती गेली नव्हती. “इथं बरं आहे,” एवढंच म्हणाली होती.

“आज विचारणारच मी तिला,” ग्रासिएला म्हणाली. “शूटिंगच्या आधी.”

“विचारा.”

“अशी काय बोलतेस? तुझ्याखेरीज कुणाला सांगितलेलं नाही मी हे.”

सांगितलं होतं गेल्याच आठवड्यात. एकोणीस वर्षांची असताना ग्रासिएलाला पहिली नायिका मिळाली, आणि त्याच महिन्यात दिवस गेल्याचं कळलं. निर्माता म्हणाला, पाळणा तरी हलव नाहीतर करारावर सही तरी कर. कावीळ झाल्याचं सांगून ती दूर मोरेलिया शहरात गेली, मुलगी झाली, नन्सच्या अनाथाश्रमात ठेवली आणि परत येऊन कॅमेऱ्यासमोर उभी राहिली. मग तेहतीस वर्षं कामात गेली. लोकांनी डोक्यावर घेतलं, तिनं लग्न केलं, मोडलं, पडद्यावर नायिकेची आई झाली. आणि तीन आठवड्यांपूर्वी एका मासिकात छापून आलं, की या मालिकेत तिच्या हरवलेल्या मुलीचं काम करणारी नायेली खरोखरच मोरेलियातल्या अनाथाश्रमात वाढली. तेव्हापासून ग्रासिएलाच्या डोळ्याला डोळा लागला नव्हता.

“अठ्ठावीस वर्षांची म्हणवते,” ग्रासिएला म्हणाली. “म्हणजे तेहतीसची असणार. या धंद्यात पाच वर्षं सगळ्याच गिळतात. मी सात गिळली.”

“हं.”

“आणि नाक बघ तिचं. माझंच नाक आहे.”

“नाक तिनं मागल्या वर्षी करून घेतलंय, बाई.”

ग्रासिएलानं आरशातून तिच्याकडे रागानं पाहिलं. मग पुन्हा उठली, खिडकीपाशी गेली, पडदा सरकवला, परत ओढला.

“एवढ्या वर्षांत तुम्ही मोरेलियाला एकदाही गेला नाहीत?” कासिल्दानं विचारलं.

“कुठल्या तोंडानं जाणार? एकदा निघाले होते. रविवारी दुपारी. अर्ध्या वाटेतून गाडी वळवली.”

“दुपारी जाऊन उपयोगही नसता झाला. बारानंतर दार उघडत नाहीत तिथं.”

ग्रासिएलाचं लक्ष नव्हतं. बाहेर पावलं वाजल्यासारखी वाटली होती.

“आणि ती नसली तर?” कासिल्दा म्हणाली.

“असणारच. मला आतून कळतंय. आईला कळतं.”

कासिल्दानं चष्मा काढला, स्वेटरच्या बाहीला पुसला आणि पुन्हा डोळ्यांवर चढवला. “कळत असेल,” ती म्हणाली, आणि पानं उचलून आपल्या खोलीकडे निघून गेली.

नायेली आली ती हातातलं मक्याच्या पानात उकडलेलं तमाल खातच. ग्रासिएलानं तिला आत घेतलं, दार लावलं. बोलायचं म्हणून जे जे ठरवलं होतं त्यातलं एकही वाक्य आठवेना. कानात सांगायला कुणी नव्हतं.

“मोरेलियाची आठवण येते का गं तुला?” शेवटी तिनं विचारलं.

“मोरेलिया? मी पाहिलेलंसुद्धा नाही,” नायेली हसली. “ते आपल्या प्रसिद्धीवाल्यांचं काम. मालिकेत अनाथ, म्हणून बाहेरही अनाथ करून टाकलं मला. माझी आई तोरेओनला शाळेत शिकवते. मासिक वाचून तीन दिवस बोलली नाही माझ्याशी.” तिनं फोनवरचा फोटो पुढे केला. तेच गोल गाल, तीच हनुवटी. संशयाला जागाच नव्हती.

“छान आहे तुझी आई,” ग्रासिएला म्हणाली.

“तुमची तब्येत बरी आहे ना?”

“सहज विचारलं गं. चल, बोलावतायत.”

सेटवर दवाखान्याचा व्हरांडा उभा केला होता. ओळखीचा प्रसंग, आईला हरवलेली मुलगी सापडते तो; अवघा देश ज्याची पाच महिने वाट पाहत होता तो. ग्रासिएला बाकावर बसली. कुणीतरी तिच्या कानात यंत्र बसवलं, कुणीतरी पदर नीट करावा तशी शाल नीट केली. दिग्दर्शकानं हात खाली केला.

उठून पळून जावं, गाडी काढावी आणि आता तरी कुठंही न वळता मोरेलिया गाठावं, असं तिला वाटत होतं. पण तिथं आता कोण असणार?

“म्हणा, इतकी वर्षं कुठं होतीस, बाळा,” कासिल्दाचा आवाज कानात आला.

“इतकी वर्षं कुठं होतीस, बाळा?”

“म्हणा, मी तुला शोधायला हवं होतं.”

“मी तुला शोधायला हवं होतं,” ग्रासिएला म्हणाली, आणि तिला रडू फुटलं. तिच्या रडण्याला तेहतीस वर्षं टाळ्या मिळत होत्या, पण असं ती कधी रडली नव्हती. दिग्दर्शक पुढे झुकला. कॅमेरे चालू ठेवा, अशी त्यानं खूण केली.

नायेली ठरल्याप्रमाणे तिच्यासमोर गुडघ्यांवर बसली. पुढचं वाक्य नायेलीचं होतं. अशा वेळी ग्रासिएलाच्या कानात शांतता असायची. आज नव्हती.

“आता ती ‘आई’ म्हणेल. तिच्याकडे लक्ष देऊ नकोस,” कासिल्दा म्हणाली. “काचेकडे बघ, आई.”