कोर्ट उठेपर्यंत

उसाच्या पाण्याच्या पाळीवरून लालासाहेबांनी चुलतभावाचा, शंभूराजचा, उजवा हात काठीनं मोडला, तेव्हा ते पंचेचाळिशीचे होते. खालच्या कोर्टानं दोन वर्षं दिली. त्यावर त्यांनी सांगलीला अपील केलं, आणि त्या अपिलाचा नंबर लागेपर्यंत लालासाहेबांनी सत्तरी ओलांडली.

वकिलानं जज्जसाहेबांपुढं लालासाहेबांचे गुडघे, मोतीबिंदू, कमी ऐकू येणारा कान, सगळं एकेक करून मांडलं. इतकी वर्षं संसार करून मनुबाईंनीही नवऱ्याला एवढी नावं ठेवली नव्हती. "घटनेला फार काळ लोटला, आरोपी थकला आहे," म्हणत साहेबांनी शिक्षा कमी केली: कोर्ट उठेपर्यंत कैद. म्हणजे संध्याकाळी कामकाज संपेपर्यंत तिथंच बसून राहायचं.

"एवढंच व्हय? आवं, इतकी वरसं दुसरं काय केलंय मी?" लालासाहेब वकिलाच्या कानाशी खिदळले आणि मागच्या बाकावर ऐटीत जाऊन बसले.

साडेपाचला कोर्ट उठलं. शिपाई म्हणाला, "आजोबा, सुटलात. उठा आता."

लालासाहेबांनी दोनदा जोर लावून पाहिला. कोर्ट उठलं होतं, गुडघे काही उठेनात. "आता जल्मठेपच झाली म्हनायची," ते स्वतःशीच पुटपुटले आणि मदतीला पुढं आलेला एक हात त्यांनी गच्च धरला.

 

"आवं दादा, जरा हळू धरा," निकाल ऐकायला आलेला शंभूराज कळवळला. "तुमीच मोडल्याला हाय त्यो."